अरबी कुलनामांचा अर्थ व उगम आणि चांदा प्रदेशातील नामपद्धती : एक ऐतिहासिक अभ्यास

प्रस्तावना

आडनाव हे इतिहासाचे एक दुर्लक्षित पण महत्त्वाचे साधन आहे. ताम्रपट, शिलालेख, बखरी व सनदा यांचा अभ्यास मराठीत विपुल झाला आहे. मात्र ज्या नावांनी माणसे दप्तरात नोंदली गेली, त्या नावांच्या घडणीकडे तितके लक्ष गेलेले नाही. त्यामुळे आडनावावरून धर्म, जात वा वंश ठरविण्याची सवय सर्वसामान्य वाचकात आणि काही वेळा अभ्यासकातही रूढ झाली आहे. अरबी मूळ असलेले आडनाव म्हणजे मुसलमान आणि मराठी वळणाचे आडनाव म्हणजे हिंदू, अशी ही सोपी विभागणी आहे. चंद्रपूर व गडचिरोली या दोन वनजिल्ह्यांच्या, म्हणजेच जुन्या चांदा जिल्ह्याच्या, संदर्भात ही विभागणी कितपत टिकते, याचा विचार प्रस्तुत निबंधात केला आहे.

त्यासाठी प्रथम अरबी नामपद्धतीचे घटक स्पष्ट केले आहेत. त्यानंतर दख्खनच्या राज्यकारभारातून अरबी शब्द मराठी आडनावांत कसे आले, चांदा व देवगड येथील गोंड राजघराण्यांनी कोणती बिरुदे स्वीकारली, आणि महसुली दप्तराने वनप्रदेशातील सामान्य माणसाचे नाव कोणत्या साच्यात लिहिले, या तीन मुद्द्यांचा क्रमाने परामर्श घेतला आहे.

अरबी नामपद्धतीचे घटक

आज ज्या अर्थाने आपण आडनाव हा शब्द वापरतो, त्या अर्थाचे पिढ्यान्‌पिढ्या स्थिर राहणारे कुलनाम प्राचीन अरबी समाजात सार्वत्रिक नव्हते. व्यक्तीची ओळख अनेक घटकांच्या साखळीतून दिली जात असे. त्यांपैकी पाच घटक प्रमुख होत. ‘इस्म’ म्हणजे व्यक्तीचे स्वतःचे नाव. ‘कुन्या’ म्हणजे अपत्यावरून पडलेले नाव. ‘अबू’ म्हणजे अमुकाचा पिता आणि ‘उम्म’ म्हणजे अमुकाची माता. ‘नसब’ म्हणजे वंशदर्शक भाग. ‘इब्न’ अथवा ‘बिन’ म्हणजे अमुकाचा पुत्र, ‘बिन्त’ म्हणजे अमुकाची कन्या. ‘लकब’ म्हणजे गुणावरून वा सन्मानाने मिळालेले बिरुद. आणि ‘निस्बा’ म्हणजे गाव, प्रदेश, टोळी, पंथ अथवा पूर्वजाशी असलेला संबंध सांगणारे, बहुधा ‘ई’कारान्त विशेषण.

भारतीय अभ्यासकांना परिचित असलेल्या अल्-बिरूनी याचे नाव या दृष्टीने पाहण्यासारखे आहे. अबू रैहान मुहम्मद इब्न अहमद अल्-बिरूनी या नावात ‘अबू रैहान’ ही कुन्या, ‘मुहम्मद’ हे इस्म, ‘इब्न अहमद’ हा नसब आणि ‘अल्-बिरूनी’ ही निस्बा आहे. इ. स. १०३० च्या सुमारास हिंदुस्थानाविषयी ग्रंथ लिहिणारा हा विद्वान जगाला त्याच्या निस्बेनेच ठाऊक आहे. अल्-ख्वारिज्मी म्हणजे ख्वारिज्मचा आणि अर्-राझी म्हणजे रै या नगराचा. मराठीतील ‘कर’ प्रत्ययाशी निस्बेचे कार्य मिळतेजुळते आहे. चांदा भागात ‘कर’बरोबरच ‘वार’ हा तेलुगू वळणाचा प्रत्ययही आढळतो. या जिल्ह्याचे सुपुत्र आणि १९६२-६३ मध्ये महाराष्ट्राचे मुख्यमंत्री राहिलेले मारोतराव कन्नमवार यांचे आडनाव त्याचे परिचित उदाहरण होय.

व्यवसायदर्शक नावे हा आणखी एक मोठा वर्ग आहे. हद्दाद म्हणजे लोहार, नज्जार म्हणजे सुतार, खय्याम म्हणजे तंबू करणारा, अत्तार म्हणजे सुगंधी द्रव्ये विकणारा, नद्दाफ म्हणजे कापूस पिंजणारा, कस्साब म्हणजे खाटीक, सर्राफ म्हणजे नाणी पारखून बदलून देणारा. यांपैकी अत्तार, नदाफ, कसाब ही नावे महाराष्ट्रातील मुस्लिम कुटुंबांत आढळतात, तर सराफ हे आडनाव हिंदू कुटुंबांतही रूढ आहे. शेजारच्या वर्धा शहराशी ज्यांचे नाव कायमचे जोडले गेले, त्या जमनालाल बजाज यांच्या घराण्याचे ‘बजाज’ हे नावही कापडविक्या या अर्थाच्या ‘बझ्झाझ’ या अरबी शब्दापासून आले, असे सामान्यतः मानले जाते. राजस्थानातून आलेल्या एका हिंदू व्यापारी घराण्याच्या नावात अरबी बाजारपेठेतील शब्द असावा, यात विसंगत असे काहीच नाही. शब्द व्यवसायाबरोबर प्रवास करतात, धर्माबरोबरच करतात असे नाही.

राज्यकारभारातून आलेली आडनावे

अरबी शब्द दख्खनमध्ये बहुतांशी थेट आले नाहीत. ते फारसीमार्गे आले. १३४७ मध्ये बहमनी राज्याची स्थापना झाल्यानंतर आणि पुढे निजामशाही, आदिलशाही व वऱ्हाडच्या इमादशाहीत फारसी ही दरबारी कारभाराची भाषा राहिली. फारसीत त्यापूर्वीच हजारो अरबी शब्द रुजलेले होते. त्यामुळे मराठीतील पुष्कळ पदनामे अरबी धातू आणि फारसी प्रत्यय यांच्या संयोगातून तयार झाली. ‘दार’ म्हणजे धारण करणारा आणि ‘नवीस’ म्हणजे लिहिणारा हे दोन फारसी प्रत्यय त्यांत विशेष फलदायी ठरले.

इनामदार या शब्दातील ‘इनाम’ अरबी आहे. मिरासदारातील ‘मिरास’ म्हणजे वारसा. ‘वारस’ हा शब्दही त्याच धातूपासून आला आहे. हवालदारातील ‘हवाला’, जमादारातील ‘जमा’चा धातू, मुजुमदारातील ‘मज्मूआ’ म्हणजे एकत्रित हिशेब, वाकनीस या नावातील ‘वाकिआ’ म्हणजे घडलेली घटना, हे सर्व अरबी होत. फडणवीस या नावातील पहिला भाग कागदाचा बंद अथवा यादी या अर्थाच्या ‘फर्द’ या अरबी शब्दापासून आला, असे एक मत आहे. तो ‘फड’ म्हणजे कचेरी या शब्दापासून आला, असे दुसरे. चिटणीस या नावात मात्र ‘चिठ्ठी’ हा देशी शब्द आणि ‘नवीस’ हा फारसी प्रत्यय यांचा संयोग आहे. नागपूरच्या चिटणवीस घराण्याच्या नावात हा प्रत्यय पूर्ण रूपात टिकून राहिला आहे.

पद वंशपरंपरेने चालत आले की पदनाम कुलनाम होते. नाना फडणवीस यांचे मूळ उपनाव भानू होते, पण इतिहासाने त्यांना पदाच्या नावानेच ओळखले. मुकादम या शब्दाचा प्रवासही असाच बोधप्रद आहे. ‘पुढे ठेवलेला’, ‘अग्रणी’ असा त्याचा अरबी अर्थ आहे. ‘कदम’ म्हणजे पाऊल हा शब्दही त्याच धातूचा. मध्ययुगीन कागदपत्रांत मुकादम हा गावचा प्रमुख आहे. आज तो मजुरांच्या टोळीचा प्रमुख आहे, आणि काही घराण्यांचे आडनावही आहे.

या परिस्थितीची जाणीव सतराव्या शतकातच झाली होती. १६७४ मधील राज्याभिषेकानंतर छत्रपती शिवाजी महाराजांच्या प्रेरणेने ‘राज्यव्यवहारकोश’ रचला गेला आणि मुजुमदारास अमात्य, वाकनिसास मंत्री, सुरनिसास सचिव, डबिरास सुमंत अशी संस्कृत पदनामे मिळाली. परंतु दरबारातील पदांची नावे बदलली, तरी कुळांची नावे बदलली नाहीत. मुजुमदार, वाकनीस, इनामदार, मिरासदार ही आडनावे महाराष्ट्रात आजही आहेत. मोल्सवर्थच्या १८३१ च्या कोशात अरबी व फारसी मूळ असलेले शब्द खुणेने दर्शविले आहेत, तर माधवराव पटवर्धन यांचा फारसी-मराठी कोश १९२५ मध्ये प्रसिद्ध झाला. मराठी आडनावांच्या व्युत्पत्तीसाठी ही दोन्ही साधने आजही उपयुक्त आहेत.

चांदा व देवगड : राजनामांतील स्थित्यंतर

चांद्याच्या गोंड राजांची परंपरागत वंशावळ मेजर ल्यूसी स्मिथ यांच्या १८६९ च्या जमाबंदी अहवालात नोंदलेली आहे. या वंशावळीतील कालगणना सर्वस्वी विश्वसनीय नाही. तथापि नावांच्या दृष्टीने तीत एक लक्षणीय गोष्ट दिसते. प्रारंभीच्या राजांची नावे ‘सिंह’ या पदाने संपतात आणि एका विशिष्ट टप्प्यानंतर ती ‘शहा’ या पदाने संपू लागतात. सुर्जा बल्लाळसिंह दिल्लीस गेला, तेथे त्याने बादशहासाठी पराक्रम केला आणि ‘शेरशहा’ हे बिरुद मिळविले, अशी आख्यायिका या बदलाचे कारण म्हणून सांगितली जाते. पुढे खांडक्या बल्लाळशहा, हीरशहा, बाबाजी बल्लाळशहा, बीरशहा, रामशहा आणि अखेरचा नीलकंठशहा अशी नावे येतात. १७५१ मध्ये नागपूरकर भोसल्यांनी हे राज्य खालसा केले. बल्लारशाह या रेल्वेस्थानकाच्या नावात ते बिरुद अद्याप उच्चारले जाते.

‘शहा’ हा शब्द फारसी आहे, परंतु तो धारण करण्याची रीत अरबी ‘लकब’च्या जातीची आहे. आख्यायिकेतील तपशील बाजूला ठेवला तरी बिरुदाचा अर्थ स्पष्ट आहे. उत्तरेकडील साम्राज्याशी संबंध आल्यावर त्या साम्राज्याला समजेल अशा भाषेत आपले राजपद सांगणे गोंड राजांना आवश्यक वाटले. गढा-मंडल्याच्या आम्हणदासास ‘संग्रामशहा’ हे बिरुद गुजरातच्या बहादूरशहाकडून मिळाल्याची नोंद अकबरकालीन साधनांत आहे. ‘आईन-ए-अकबरी’तील वऱ्हाड सुभ्याच्या वर्णनात चांद्याच्या गोंड अधिपतीचा, त्याच्या १ हजार घोडदळाचा व ४० हजार पायदळाचा आणि वैरागड येथील हिऱ्यांच्या खाणीचा उल्लेख आहे, परंतु तेथे त्याला ‘जमीनदार’ म्हटले आहे. राजा स्वतःस शहा म्हणवितो आणि साम्राज्याचे दप्तर त्याला जमीनदार म्हणते. सत्तेचा संघर्ष नामाभिधानातही चालू असतो, हे यावरून लक्षात येते.

देवगडच्या घराण्याचे उदाहरण याहून पुढचे आहे. तेथील राजाने १६८६ मध्ये औरंगजेबाच्या दरबारी इस्लामचा स्वीकार केला आणि तो ‘बख्त बुलंद’, म्हणजे उच्च भाग्याचा, या फारसी नावाने प्रसिद्ध झाला. नागपूर शहराच्या स्थापनेचे श्रेय त्यालाच दिले जाते. त्याच्या पुढच्या पिढ्यांत बुऱ्हाणशहा, अकबरशहा अशी नावे आढळतात. ‘बुऱ्हाण’ म्हणजे प्रमाण आणि ‘अकबर’ म्हणजे सर्वांत मोठा, हे दोन्ही शब्द अरबी होत. मात्र या घराण्याने गोंड कुळांशी असलेले विवाहसंबंध सोडले नाहीत. चांद्यात धर्म न बदलता बिरुद बदलले. देवगडात धर्म व नाव दोन्ही बदलले, पण कुळ बदलले नाही.

या कुळव्यवस्थेचे स्वरूप येथे लक्षात घेणे आवश्यक आहे. आत्राम, मडावी, कोडापे, उईके, सिडाम, गेडाम, कुमरे, तोडसाम, वेलादी ही गोंड समाजाची कुलनामे देवसंख्येवर आधारलेल्या ‘सगा’ व्यवस्थेशी निगडित आहेत. चार, पाच, सहा व सात देवांचे गट आणि त्यांच्यातील विवाहनियम यांचा आधार हीच नावे आहेत. ही नावे कोणत्याही बादशहाने दिलेली नाहीत वा कोणत्याही पदावरून आलेली नाहीत. म्हणूनच राजाचे बिरुद बदलले, राज्य गेले, तरी कुलनाम टिकले.

मुस्लिम कुलनामे : वंश की प्रतिष्ठा ?

या दोन जिल्ह्यांतील मुस्लिम समाजात शेख, सय्यद, पठाण, खान, कुरेशी, अन्सारी, सिद्दीकी इत्यादी नावे आढळतात. यांपैकी ‘शेख’ म्हणजे वृद्ध, वडीलधारा आणि ‘सय्यद’ म्हणजे स्वामी हे शब्द अरबी आहेत. ‘पठाण’ व ‘खान’ अरबी नाहीत. पहिला पश्तून समाजाशी आणि दुसरा तुर्की परंपरेशी संबंधित आहे. कुरेशी म्हणजे मक्केच्या कुरैश टोळीचा, सिद्दीकी म्हणजे पहिले खलिफा अबू बक्र यांच्या ‘सिद्दीक’ या बिरुदाशी संबंध सांगणारा, फारुकी म्हणजे दुसरे खलिफा उमर यांच्याशी संबंध सांगणारा, तर अन्सारी म्हणजे पैगंबरांना मदिनेत साहाय्य करणाऱ्यांशी संबंध सांगणारा. या सर्व निस्बा होत. खानदेशच्या सुलतानांनीही आपला संबंध खलिफा उमर यांच्याशी जोडून ‘फारुकी’ हे नाव धारण केले होते.

परंतु निस्बा म्हणजे नेहमीच रक्तसंबंधाचा पुरावा नव्हे. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात उत्तर व मध्य हिंदुस्थानातील विणकर समाजाने अन्सारी आणि खाटीक समाजाने कुरेशी हे नाव संघटितपणे स्वीकारले. हीन लेखल्या गेलेल्या व्यवसायनामाऐवजी सन्मानाचे नाव घेण्याचा तो प्रयत्न होता. त्याच काळात हिंदू समाजातील अनेक जातींनीही नवी नावे स्वीकारली. त्यामुळे अरबी निस्बा पाहून ‘हे लोक अरबस्तानातून आले’ असा निष्कर्ष काढणे इतिहासदृष्ट्या चुकीचे ठरते. उलट कोकणात व विदर्भात देशमुख, पाटील ही वतनदारी नावे धारण करणारी मुस्लिम कुटुंबेही आहेत. तेथे नाव वतनाचे आहे, धर्माचे नाही.

नावाच्या स्थानाचाही प्रश्न आहे. पश्चिम महाराष्ट्रात ‘शेख’ बहुधा नावाच्या शेवटी येते, तर विदर्भात ‘शेख’ वा ‘सय्यद’ नावाच्या आरंभी लावण्याची रीत आहे. श्रीगोंद्याचे संतकवी शेख महंमद यांच्या नावात ते आरंभीच आहे. प्रथम नाव, वडिलांचे नाव व आडनाव अशा तीन रकान्यांच्या छापील अर्जात हे आरंभीचे ‘शेख’ कोठे लिहावे, याबाबत गोंधळ होतो आणि एकाच व्यक्तीची नावे निरनिराळ्या कागदांवर निरनिराळ्या क्रमाने नोंदली जातात.

‘शहा’ या एकाच शब्दाचे उदाहरणही उद्बोधक आहे. गोंड राजाच्या नावातील शहा हे फारसी राजबिरुद आहे. मुस्लिम फकीर समाजातील शाह हे आध्यात्मिक अधिकाराचे निदर्शक आहे. व्यापारानिमित्त आलेल्या गुजराती कुटुंबातील शहा मात्र संस्कृत ‘साधु’पासून ‘साह’ या रूपाने आले आहे. शब्दरूप एक असले तरी उगम एक असतोच असे नाही.

महसुली दप्तर व सामान्य माणसाचे नाव

आतापर्यंत पाहिलेली उदाहरणे राजे, वतनदार व प्रतिष्ठित घराण्यांची आहेत. अरबी नामपद्धतीचा सर्वांत व्यापक परिणाम मात्र ज्याचे आडनाव अरबी नव्हते, अशा सामान्य रयतेवर झाला. तो परिणाम दप्तराने घडविला.

जुन्या मराठी कागदपत्रांत पित्याचे नाव ‘बिन’ या शब्दाने जोडलेले सर्रास आढळते. मराठा, कुणबी वा माळी, कोणत्याही जातीच्या रयतेच्या नावात हा अरबी नसब येतो. नागपूर प्रांतात आणि पुढे मध्य प्रांताच्या दप्तरात ‘वल्द’ हा शब्द अधिक रूढ झाला. अरबीत ‘वलद’ म्हणजे मुलगा. १८५४ मध्ये नागपूरचे राज्य इंग्रजांनी खालसा केल्यावर चांदा जिल्ह्याची रीतसर जमाबंदी झाली. दप्तर मराठीत राहिले, पण पारिभाषिक शब्द जुनेच राहिले. या दप्तराचा नमुना ‘अमुक वल्द तमुक, जात गोंड, साकिन मौजे अमुक’ असा असे. यातील ‘वल्द’ म्हणजे नसब. ‘साकिन’ म्हणजे राहणारा, आणि ‘मौजे’ म्हणजे ठिकाण. हे निस्बेचेच कार्य करतात. टोपणनाव असल्यास ‘उर्फ’, मृत असल्यास ‘मयत’, उत्तराधिकारी असल्यास ‘वारस’. हे सर्व शब्द अरबी होत. स्त्रीच्या नावापुढे ‘जौजे’ म्हणजे पत्नी असे लिहून पतीचे नाव घातले जाई. अरबी परंपरेत स्त्री विवाहानंतरही पित्याच्या नावाने ओळखली जाते. तेव्हा ‘जौजे’चा हा वापर अरबी नामपद्धतीचा नसून महसुली कारभाराचा आहे, हे ध्यानात ठेवले पाहिजे.

याचा अर्थ असा की एटापल्ली वा धानोरा परिसरातील ज्या माडिया अथवा गोंड शेतकऱ्याने अरबीचा एकही शब्द जाणूनबुजून उच्चारला नसेल, त्याचे नाव सरकारी कागदावर अरबी नामपद्धतीच्या साच्यातच लिहिले गेले. त्या साच्यात पित्याला जागा होती, गावाला जागा होती, जातीला जागा होती; सगा सांगणाऱ्या कुलनामाला मात्र निश्चित जागा नव्हती. ज्या नावावर त्याचे विवाहसंबंध, देवकार्य व सामाजिक ओळख अवलंबून होती, तेच नाव दप्तरातून अनेकदा वगळले गेले.

दप्तरी शब्दांची चिवटता या भागात अन्यत्रही दिसते. मध्य प्रांतातील मालगुजारीची पद्धत १९५० च्या कायद्याने संपुष्टात आली; परंतु पूर्व विदर्भातील जुने सिंचन तलाव आजही ‘माजी मालगुजारी तलाव’ अथवा संक्षेपाने ‘मामा तलाव’ म्हणून ओळखले जातात. ‘माजी’ व ‘माल’ हे अरबी आणि ‘गुजार’ हे फारसी. गावाच्या रूढी व हक्क नोंदविणाऱ्या कागदाचे ‘वाजिब-उल्-अर्ज’ हे नावही संपूर्ण अरबी आहे.

नामवाचनाचे वर्तमान महत्त्व

हा विषय केवळ व्युत्पत्तीच्या कुतूहलाचा नाही. अनुसूचित जमातीच्या दाव्याच्या पडताळणीत ६ सप्टेंबर १९५० पूर्वीच्या कागदपत्रांना विशेष महत्त्व असते. वनहक्क कायदा, २००६ नुसार इतर पारंपरिक वननिवासींना १३ डिसेंबर २००५ पूर्वीच्या तीन पिढ्यांचे, म्हणजे ७५ वर्षांचे, वास्तव्य दाखवावे लागते. दोन्ही ठिकाणी आजचा अर्जदार आडनावाने ओळखला जातो, तर त्याचा आजा वा पणजा ‘वल्द’ने नोंदलेला असतो. या दोन नामपद्धतींमधील दुवा जोडता आला नाही, तर खरा वारसही कागदावर परका ठरू शकतो. जुन्या नोंदीत आडनाव नाही, म्हणून ती नोंद दुसऱ्या कुळाची, असे मानणे अनुचित होय. तेथे नसबाची साखळी आणि साकिन यांच्या आधारे वंशावळ जुळविणे, हीच योग्य पद्धत ठरते.

जगातील इतर देशांचा अनुभवही हेच सांगतो. तुर्कस्तानने १९३४ च्या कायद्याने प्रत्येक नागरिकास आडनाव घेणे बंधनकारक केले. आधुनिक शासनाला स्थिर आडनाव हवे असते, कारण त्याला माणसे मोजावयाची व ओळखावयाची असतात. ज्या समाजात ओळखीची रीत वेगळी असते, तेथे या सक्तीमुळे जुने व नवे कागद एकमेकांशी बोलेनासे होतात. चंद्रपूर-गडचिरोलीतील अडचण याच प्रकारची आहे.

निष्कर्ष

उपरोक्त विवेचनावरून पुढील निष्कर्ष काढता येतात.

१. अरबी नामपद्धती मुळात स्थिर आडनावांची नसून इस्म, कुन्या, नसब, लकब व निस्बा या घटकांची साखळी आहे. मराठी आडनावांत आलेले अरबी शब्द मुख्यतः फारसी राज्यकारभारातून, पद व व्यवसाय यांच्या नावांनी आले.

२. अरबी मूळ असलेले आडनाव धर्माचा अथवा वंशाचा निर्णायक पुरावा ठरत नाही. मुजुमदार, इनामदार, सराफ यांसारखी नावे एका बाजूने आणि मुस्लिम देशमुख-पाटील कुटुंबे दुसऱ्या बाजूने हेच सिद्ध करतात. अन्सारी, कुरेशी यांसारख्या निस्बा अनेकदा सामाजिक प्रतिष्ठेच्या शोधातून स्वीकारल्या गेल्या.

३. चांदा व देवगडच्या राजांनी स्वीकारलेली बिरुदे साम्राज्याशी आलेल्या संबंधांची निदर्शक आहेत. गोंड कुलनामे मात्र सगा व्यवस्थेच्या आधारे स्वतंत्रपणे टिकून राहिली.

४. वनप्रदेशातील सामान्य माणसाचे नाव ‘वल्द’ व ‘साकिन’ यांच्या साच्यात नोंदले गेल्याने कुलनाम दप्तरातून अनेकदा सुटले. त्या नोंदी वाचताना ही नामपद्धती समजून घेणे इतिहास-संशोधनाइतकेच न्यायाच्या दृष्टीनेही आवश्यक आहे.

या प्रदेशातील महाविद्यालयांच्या इतिहास व मराठी विभागांनी गावोगावच्या जुन्या नोंदी आणि त्या कुटुंबांची मौखिक वंशपरंपरा यांचे एकत्रित संकलन हाती घेतल्यास, दप्तरात सुटलेली कुलनामे पुन्हा त्यांच्या जागी बसविता येतील. वंशपरंपरा तोंडपाठ असणारी पिढी वयोवृद्ध होत चालली असल्याने हे कार्य विनाविलंब होणे अगत्याचे आहे.